उघाडीची चावी

बायकोच्या मामांना अग्नी देऊन आलो त्याच्या तिसऱ्या दिवशी मी फोनवर एक वाक्य बोललो, आणि एका गावात डोकी फुटता फुटता राहिली. रोह्याला कंपनीत होतो, चहाची सुट्टी होती. सासुरवाडीहून हिराजीचा फोन. मामांना त्या गावात सगळे सर म्हणत. "जावईबापू, सरांकडची उघाडीची चावी गावत नाय. नामदेवच्या माणसांनी तर नाय ना उचलली?" मी शहाण्यासारखा म्हणालो, "असेलही बाबा. त्या दिवशी तो फार पुढे पुढे करत होता." नको तिथे मत द्यायची माझी खोड जुनीच. संध्याकाळी पेणला घरी पोचलो तर बायको दारातच उभी. एका हातात माझी स्मशानात नेलेली पँट, दुसऱ्या हातात त्याच पँटीच्या खिशातून निघालेली, काळ्या करगोट्यात ओवलेली पितळी चावी. सरणावर ठेवण्याआधी कुणीतरी ती मामांच्या कमरेची सोडून माझ्या हातात दिली होती. मी खिशात टाकली आणि… विसरलो. अमावास्येचं उधाण दोन दिवसांवर होतं.

यात घाबरण्यासारखं काय, ते खाडीकाठी न राहिलेल्यांना सांगायला हवं. धरमतरच्या खाडीला लागून मातीचा लांब बांध, अलीकडे शेतं, पलीकडे खारं पाणी. बांधातलं झडपेचं दार म्हणजे उघाडी. ओहोटीला ती उघडून पावसाचं पाणी सोडायचं, भरती यायच्या आत बंद करायची. नामदेवच्या बाजूचे भातवाले. खारं पाणी आत आलं की त्यांचं पीक गेलं. हिराजीच्या बाजूचे तळीवाले. कोळंबीला खारं पाणी हवं, म्हणून ते म्हणणार थोडं घ्या आत. यावरून एकदा भर दुपारी बांधावर कोयते निघाले होते. शेवटी दोघांनी मिळून दाराला कुलूप घातलं आणि चावी दिली माझ्या बायकोच्या मामांना. मामा निवृत्त होऊन बहिणीच्या घरी राहायला आले होते. त्यांचं गावात ना शेत, ना तळं. ज्याचं काहीच नाही, त्याच्या हाती सगळं.

त्याआधी मामा रोह्याच्या कॉलेजात राज्यशास्त्र शिकवायचे. मी त्यांचा विद्यार्थी. त्यांच्या पेपरात मला बत्तीस मार्क पडले, तरी त्यांनी मला भाची मिळवून दिली. माणूस किती उदार होता ते यावरून कळावं. साडेतीनशे वर्षांपूर्वीचा एक इंग्रज विचारवंत त्यांचा लाडका. देशात यादवीची चाहूल लागताच तो परमुलखात पळाला होता. "भित्रा होता, आणि ते लपवत नव्हता," मामा म्हणायचे. "त्याला एकच कळलं. शेवटचा शब्द कुणाचा हे ठरलेलं नसेल, तर प्रत्येक शेजारी राजा होतो." एकदा वर्गात म्हणाले, खिडकी उघडी हवी की बंद, तुम्हीच ठरवा. दहा मिनिटांत बाकं वाजायला लागली. मग त्यांनी मला नेमलं. मी खिडकी बंद करवली. सगळे घामाघूम, पण गप्प. "निर्णय चुकलाय," मामा म्हणाले, "पण निर्णय झालाय." मी विचारलं, "सर, नेमलेल्याचीच चूक झाली, तर त्याला कोण विचारणार?" त्यांनी खडू खाली ठेवला. "हे परीक्षेला येणार नाही. पण झोप उडवेल."

ती चूक पुढे त्यांच्याच हातून झाली. लावणी नुकतीच आटोपली होती, पौर्णिमा होती. सकाळी ओहोटीला दार उघडून मामा घरी आले, जेवले आणि जरा आडवे झाले. डोळा लागला. जाग आली तेव्हा भरती आत शिरली होती. भाताची रोपं खाऱ्या पाण्याखाली, तळी भरून वाहिली आणि कोळंबी ओसरत्या पाण्याबरोबर खाडीत. दोन्ही बाजू बुडाल्या. दुसऱ्या दिवशी मामांनी चावी पारावर आणून ठेवली. कुणी तिला शिवेना. मग नामदेवचा म्हातारा बाप म्हणाला, "सर, तुमची चूक झोपेत झाली. आमच्यापैकी कुनाकडं चावी दिलीत, तर तीच चूक तो जागेपनी करील. उचला ती." मामांनी उचलली. पण त्या दिवसापासून दुपारी ते कधी आडवे झाले नाहीत. पडवीत ताठ पाठीच्या लाकडी खुर्चीत बसायचे. चावी मुठीत, नजर घड्याळावर.

तर ती चावी घेऊन आम्ही दोघं दुसऱ्या दिवशी सकाळीच स्कूटरवरून गावात पोचलो. उघाडीपाशी दोन घोळके आधीच जमलेले. हिराजीच्या माणसाच्या हातात कुलूप तोडायला पहार, नामदेवच्या बाजूला काठ्या. मी चावी वर धरली आणि ओरडलो, "माझ्याकडे होती! माझ्या पँटीत!" एक म्हातारी माझ्या बायकोला म्हणाली, "काय गो, ह्याला तू घर कसा देतंस सांभालायला?" हसू फुटलं आणि पहार खाली आली. नामदेव मात्र हसला नाही. "मी चोरली असं तुमीच बोलले ना?" मी मान खाली घालून 'हो' म्हटलं आणि चावी त्याच्यापुढे धरली. हिराजी पुढे सरकला. नामदेवनेच हात मागे घेतला. "माज्याकडं नको. त्याच्याकडंबी नको. तुमचं हितं शेत हाय? तळं हाय?"

"नाही."

"मंग दिवालीपर्यंत ऱ्हाऊ दे तुमच्याकडं. तवर आमी ठरवतो."

ते ठरवतील असं मला वाटत नाही. आता ओहोटीला मी जातो. माझी शिफ्ट असली की बायको जाते. चावी पेणच्या घरात घड्याळाखालच्या खिळ्याला असते. रोज उठल्यावर आधी तिच्याकडे पाहतो. ते अमावास्येचं उधाण निभावलं. मग पौर्णिमा आली. सकाळी ओहोटीला दार उघडून घरी आलो, जेवलो आणि सवयीनं चटई पसरून आडवा झालो. बायकोनं ती माझ्या पाठीखालून ओढून घेतली, गुंडाळली आणि खुर्ची पुढे सरकवली.

"मामांनी हीच चूक केली होती," ती म्हणाली. "बसा."