भावाचं पाणी

"यांचं पाणी कोणी बंद केलं?" यवतमाळच्या डॉक्टरांनी विचारलं.

मी तोंड उघडण्याआधीच खाटेवरून भाऊ ग्लानीतच म्हणाला, "मीच केलं, साहेब. मले पाणी गोडच लागत नव्हतं."

तो खोटं बोलत होता. पाणी मी बंद केलं होतं.

घाटंजीत आमच्या गल्लीतला कोणाचाही रिपोर्ट आधी माझ्याकडे येतो, मग डॉक्टरकडे जातो. मी शाळेत ग्रंथपाल होते, घरात वैद्यकीय शब्दकोश आहे. 'हायड्रो' म्हणजे पाणी, हे मला त्यातूनच कळलेलं. हायड्रोसेफॅलस, डोक्यात पाणी. हायड्रोथोरॅक्स, छातीत पाणी. शेजारच्या मेकॅनिकला त्याचा हायड्रोसील, म्हणजे वृषणातलं पाणी, मी न लाजता समजावून सांगितला, तेव्हा ऑपरेशननंतर त्याच्या आईने शीरखुर्मा पाठवला होता. गल्लीचा माझ्यावर विश्वास बसला. माझाही बसला.

भाऊ एसटीचा निवृत्त ड्रायव्हर. लघवीला त्रास होतो म्हणून त्याची सोनोग्राफी केली. कागदावर लिहिलं होतं, हायड्रोनेफ्रोसिस, दोन्ही बाजूंना. मोठ्या डॉक्टरांची वेळ पुढच्या सोमवारची मिळाली.

"काय म्हणते आमची बिनडिग्रीची डॉक्टरीण?"

"दोन्ही किडन्यांत पाणी साचलंय. सोमवारपर्यंत पाणी कमी पी."

"मे महिन्यात? अवं, मले उंट समजली काय?"

पण ऐकलं त्याने. दिवसाला तीन ग्लास. तहान अनावर झाली की तोंडभर पाणी घ्यायचा, गालात घोळवायचा आणि कढीपत्त्याच्या बुंध्याशी टाकायचा. मला मुद्दाम दाखवायचा. "पाह्य, गिळलं नाही."

चौथ्या दिवशी अंगात ताप होता आणि हाक मारली तरी तो नीट जागा होईना. तशीच गाडी करून यवतमाळ गाठलं.

डॉक्टरांनी एका कागदाच्या पाठीवर किडनी काढली, खाली नळी, तिच्याखाली मूत्राशय. त्याच्याही खाली पेनाने गच्च काळं केलं. "हे प्यायलेलं पाणी नाही, ताई. ही लघवी आहे. इथे प्रोस्टेट वाढून वाट बंद झाली, म्हणून ती मागे तुंबली. वाट मोकळी करायची होती. पाणी तोडल्याने किडन्यांवर आणखी ताण आला, आणि आता इन्फेक्शन रक्तात गेलंय."

नळी घातली. पिशवी गढूळ लघवीने भरत गेली. मी तिच्याकडेच बघत उभी राहिले. भावाचे ओठ फुटलेले होते.

तिसऱ्या दिवशी तो गेला.

घरी येऊन मी शब्दकोश उघडला. त्या शब्दाखाली तिसऱ्याच ओळीत 'अडथळ्यामुळे' असं छापलेलं होतं. पंधरा वर्षं ते पुस्तक माझ्या घरात आहे. मी पहिल्या ओळीपुढे कधी गेलेच नव्हते.

तेरवी झाल्यावर मेकॅनिकची आई लिफाफा घेऊन आली. "बाई, नातीचा रिपोर्ट हाय. जरा पाहून द्या."

"मी नाही वाचणार."

"काहून? नाराज हाय का आमच्यावर?"

"भावाचं पाणी मी बंद केलं होतं," मी म्हणाले. तोवर हे कोणालाच सांगितलं नव्हतं.

ती उंबऱ्यावर बसली. मग लिफाफा ओढणीखाली धरून उठली.

"चला मंग. डॉक्टरकडंच जाऊ. तुम्ही संगं बसा, आपण दोघी आयकू."

मी चपला घातल्या.