वर्गाचे माप

मतदानाच्या रांगेत उभा असताना महानगरपालिकेच्या शाळेतील भिंतीवरचा एक तक्ता मी वाचला. चौथीच्या मुलांनी आपला वर्ग मोजला होता. लांबी, रुंदी, दार, खिडकी; आणि सर्वांत खाली, तितक्याच वळणदार अक्षरांत, ‘छत गळते ती जागा : तीन फूट’.

मागच्या गृहस्थांनीही तो वाचला. “काय हो, घरपट्टीत शिक्षण कर भरतो ना आपण? मग जातो कुठे तो?”

मी मान हलवली आणि लगेच त्या होकाराची मला लाज वाटली. गेल्या वर्षी पालिकेचा कर्मचारी कर ठरवण्यासाठी घर मोजायला आला, तेव्हा गच्चीवर बांधलेल्या खोलीचे दार मी ओढून घेतले होते. “तिथे नुसती अडगळ आहे,” असे म्हणालो होतो. त्या खोलीत माझी पुस्तके आहेत. माझा वाटा वाटेत कुठे हरवला नव्हता. तो घरातून निघालाच नव्हता. आणि या मुलांनी तर झाकावे असे जे होते, तेही मोजून भिंतीवर लावले होते.

घरी आलो तरी पाय ठरेनात.

“अहो, बसा की जरा! काय शोधताय?” पत्नीने विचारले.

“टेप. वरची खोली मोजायची आहे. पालिकेला कळवतो.”

तिनेच कपाटातून टेप काढून दिली. मग टेपचे दुसरे टोक हातात घेत हळूच म्हणाली, “मग स्वयंपाकघरही मोजा. तिथली भिंत आपण बाहेर सरकवली होती.”