राबिघची लाकडी होडी

मिस्त्रींच्या खिशात स्टीलचा टेप असायचा, पण तो त्यांनी बाहेर काढलेला मी कधी पाहिला नाही. ते मापं वितीनं घ्यायचे. बोलता बोलता त्यांचा उजवा पंजा समोरच्या वस्तूवर पसरायचा आणि अळीसारखा पुढे सरकायचा. पहिल्यांदा आमच्याकडे जेवायला आले, तेव्हा आमटी वाढून होईपर्यंत त्यांनी आमचं जेवणाचं टेबल मोजून काढलं आणि बायकोला म्हणाले, "वहिनी, ह्या अंगाला बोटभर जास्त हाय."

टेबल मी स्वतः जोडलं होतं. बायकोला ते वाक्य पुढे बरीच वर्षं उपयोगी पडलं.

सौदीत राबिघला रिफायनरीशेजारी नवा प्रकल्प उभा राहत होता, त्या वर्षांतली ही गोष्ट. मी नाशिकचा, पाइपिंगचा इंजिनिअर. आमच्या सात पिढ्यांचा पाण्याशी संबंध आला तो अंघोळीपुरता. तरीही जेद्दातल्या मराठी मंडळींनी हस्तलिखित दिवाळी अंक काढायचं ठरवलं, तेव्हा मी 'लाल समुद्रातील पारंपरिक नौका : एक दृष्टिक्षेप' असा लेख अंगावर घेतला. दृष्टिक्षेप टाकायला एका शुक्रवारी किनाऱ्यावर गेलो, आणि तिथे उपड्या होडीखालून एक डोकं बाहेर आलं.

"मराठी काय?" डोक्यानं विचारलं. मी फोनवर बायकोशी बोलत होतो ते त्यांनी ऐकलं होतं.

मिस्त्री दाभोळच्या खाडीकाठचे. होड्या बांधण्यात तरबेज म्हणून पंचविशीत इकडे आणलेले. ते आले तेव्हा या किनाऱ्यावर लाकडी होड्या ओळीनं लागलेल्या असत. त्यांच्या फळ्या मलबारच्या सागाच्या. "ह्या पण आपल्यासारख्याच, इकडे नोकरीला आलेल्या," असं ते म्हणायचे. मग फायबरच्या होड्या आल्या. दर वर्षी तेल पाजायला नको, फटी बुजवायला नकोत. नाखुदांची, म्हणजे होडी हाकणाऱ्यांची, मुलं ऑफिसात गेली, मासे पकडायला पगारी माणसं आली, आणि होड्या बांधणारे मिस्त्री फायबरला ठिगळं लावू लागले. ते काम करताना ते तोंड वाकडं करून बसत. वासामुळे असेल असं मला वाटायचं.

मी वाचून आलेलं त्यांना ऐकवायचो. शिडांचे प्रकार, वाऱ्यांच्या दिशा, आपला 'नाखवा' आणि त्यांचा 'नाखुदा' हा एकच शब्द कसा, वगैरे. ते मन लावून ऐकायचे आणि शेवटी म्हणायचे, "पुस्तकात असंल." त्यात विरोध नसायचा. अगदी तुम्ही-आम्ही लहान मुलाला "हो का?" म्हणतो तो सूर.

उपडी होडी होती ती त्यांच्या कफीलच्या, म्हणजे व्हिसा देणाऱ्या अरब मालकाच्या, वडिलांची. म्हातारे नाखुदा आता काठी घेऊन चालत. वीसेक फुटांची ती होडी मिस्त्रींनी इथे आल्यावर बांधलेली पहिली, आणि किनाऱ्यावर उरलेली शेवटची लाकडी. किती वर्षं ती वाळूत पडून होती. आता नगरपालिकेनं सांगितलं होतं की किनारा मोकळा करा. होड्या खाडीपलीकडच्या नव्या धक्क्यावर न्या, मागे राहतील त्या तोडल्या जातील. मुलगा म्हणाला, ट्रकवर टाकून नेऊ. म्हातारा म्हणाला, "ट्रकवर मढं नेतात. होडी पाण्यातून जाईल." आणि त्यानं मिस्त्रींकडे पाहिलं.

मिस्त्रींचा पासपोर्ट तेव्हा कायमच्या परतीचा शिक्का मारून तयार होता. धाकट्या मुलीचं लग्न होतं. थोरल्या दोघींच्या लग्नांना त्यांना रजा मिळाली नव्हती. त्या दोन्ही वेळा ते फोनवर निकाहातलं "कबूल" ऐकून रडले होते. ही शेवटची. तिकीट काढलेलं, हातात महिना. त्यांनी हिशेब मांडला की होडी होईल, आपण स्वतः ती पलीकडे नेऊ आणि मग विमानात बसू.

ते कामाला भिडले. फटींमध्ये तेलात भिजवलेला कापूस ठोकला, दोन कुजक्या फळ्या बदलल्या. मग म्हणाले, जेद्दाला शराफियाच्या बाजारात जाऊन येतो, लग्नाचे कपडे घ्यायचेत, तीन दिवस लागतील.

दुसऱ्या दिवशी मी सहज किनाऱ्यावर गेलो, तर होडी बुडालेली! काठाशीच, कमरेइतक्या पाण्यात, वरच्या कडा तेवढ्या दिसत होत्या. आत दगडसुद्धा. कोणीतरी मुद्दाम केलं असणार. माझ्या अंगात वीज संचारली. आयुष्यात पहिल्यांदा समुद्राला इंजिनिअरची गरज होती. मी साइटवरून क्रेन मागवली. क्रेन चालवणारा पठाण "साहब, किसी से पूछ लो" म्हणाला. मी "यल्ला, यल्ला" म्हणालो. दगड काढले, पट्टे बांधले, होडी उचलली. पट्ट्याखाली एक फळी कडकन बोलली. मी म्हटलं, चालायचंच. मग ती छान कोरडी व्हावी म्हणून भर उन्हात ठोकळ्यांवर ठेवली, आणि फोटोही काढला, लेखासाठी.

मिस्त्री पिशव्या घेऊन टॅक्सीतून थेट किनाऱ्यावर उतरले. मी हसतमुखानं पुढे झालो. त्यांनी होडीभोवती एक फेरी मारली. फटींतून पलीकडचा समुद्र दिसत होता.

"साहेब," ते अगदी हळू म्हणाले, "ती बुडाली नव्हती. भिजत घातली होती."

"भिजत?"

"वहिनी मटकी घालतात ना, तशी. वाळलेलं लाकूड पाणी पितं, फुगतं, मग फटी मिटतात. धा दिवस ठेवायची होती."

ते रागावले असते तर बरं झालं असतं. ते पिशवीवर बसले, एक खजूर खाल्ला, एक मला दिला. चिरलेली फळी बदलायला चार दिवस, पुन्हा भिजायला दहा. तिकीट त्याच्या आतलं होतं.

"मी तिकीट पुढे ढकलून देतो, पैसे मी..." मी म्हणालो.

"तिकीट ढकलाल. लग्न कसं ढकलाल?"

फळी बदलून, होडी पुन्हा पाण्यात दडपून ते गेले. जाण्याआधी त्यांनी मला कमरेइतक्या पाण्यात उभं करून एकेक फट बोटांनी ओळखायला शिकवलं. मला पोहता येत नाही हे सांगितल्यावर म्हणाले, "होडीला पण येत नाय. ती तरंगते." विमानतळावर म्हातारे नाखुदा आले होते. दोघांनी अरबी रीतीनं नाकाला नाक लावलं.

पुढचे दहा दिवस ड्यूटी सुटली की मी पॅन्टसकट लाल समुद्रात. साइटवर माझं नाव 'मच्छीसाहब' पडलं. दहाव्या दिवशी, शुक्रवारी, दगड काढले, पाणी उपसलं, आणि होडी वर आली. अगदी सावकाश, झोपेतून उठल्यासारखी. नाखुदा सुकाणूला बसले. एका फायबरच्या होडीनं आम्हाला दोर बांधून ओढत नेलं. मी तुपाच्या डब्यानं पाणी उपसत होतो आणि मधूनमधून त्याच डब्यात ओकत होतो. अर्ध्या वाटेवर म्हाताऱ्यानं दोर सोडायला लावला. लहानसं शीड चढवलं. होडी कलली, थरथरली आणि स्वतःच्या बळावर निघाली. म्हाताऱ्याचे ओठ हलत होते.

मी मिस्त्रींना फोन लावला. त्यांच्याकडे लग्नघरचा कल्लोळ ऐकू येत होता.

"पाणी कुठवर?" त्यांनी सलाम न करताच विचारलं.

"घोट्यापर्यंत."

"तेवढं येणारच. थांबा, मांडवाच्या मागं जातो." आवाज मागे पडले. "साहेब, फोन जरा खाली धरा. पाणी फळीला लागतं तिथं."

मी कडेवरून वाकून हात लांब केला. पाणी फळीवर चापट्या मारत होतं. तेवढ्यात होडी उचलली गेली, मी कडेला दोन्ही हातांनी मिठी मारली आणि फोन सुटून पाण्यात गेला.

त्यांचा गावाकडचा नंबर त्या फोनमध्येच होता. कफीलकडे जुना सौदी नंबर, तो बंद. मिस्त्रींचा फोन पुन्हा आला नाही. माझा नंबर बदलला होता, मग कुठून येणार? दाभोळला जाऊन शोधता आलं असतं. दर सुट्टीत ठरवलं आणि दर सुट्टीत दोन आठवडे संपले. लेखही तसाच राहिला.

मला फक्त त्या काही क्षणांचं वाटतं. फोन बंद पडायला थोडा वेळ लागला असेल. तेवढा वेळ मांडवामागे, लग्नाच्या नव्या कपड्यांत, मिस्त्री आपल्या होडीच्या खालचा समुद्र ऐकत उभे असतील.