अर्धा इंच माया

गल्लीत नव्याने राहायला आलेल्या माणसाची पहिली फसगत या घराच्या दारात व्हायची. नवऱ्याला सगळे मास्तर म्हणत आणि बायकोला सिस्टर. त्यामुळे नवरा शाळेत शिकवत असणार आणि बाई त्याची बहीण असणार, अशी समजूत करून घेऊन एक नवा शेजारी चक्क सिस्टरसाठी स्थळ घेऊन आला होता. मास्तरांनी त्याला चहा पाजला, मुलगा काय करतो वगैरे सविस्तर चौकशी केली आणि मग सांगितलं, "बाकी सगळं पसंत आहे हो, पण आमची पोरगी तिच्या आईच्या लग्नाला तयार होईल असं वाटत नाही."

तर मास्तर म्हणजे टेलर मास्तर, आणि सिस्टर म्हणजे मोठ्या दवाखान्यातली नर्स. घराच्या पुढच्या खोलीत मास्तरांचं दुकान, मागे दोन खोल्या आणि स्वयंपाकघर, त्यामागे अंगण. दुकानात एक मशीन, एक कापायचं टेबल आणि मास्तरांच्या गळ्यात कायमची टेप. ती आंघोळीपुरती निघते असं सिस्टर म्हणायची. मास्तरांच्या बहिणीला, म्हणजे ताईला, त्याचीही खात्री नव्हती.

मास्तरांचं नाव झालं होतं ते मायेमुळे. शिवणीच्या आत जे जादा कापड दुमडून ठेवतात, पुढे कपडा उसवून मोठा करता यावा म्हणून, त्याला शिंपीकामात माया म्हणतात. बाकीचे टेलर पाव इंच माया सोडायचे. मास्तर अर्ध्या इंचाच्या खाली कधी उतरले नाहीत. शाळेचा गणवेश मास्तरांकडे शिवला की तो पोराच्या दोन इयत्ता सहज पुरायचा. एखाद्या गिऱ्हाइकाने "अहो, माझं काय आता वाढायचं वय आहे का?" असं म्हटलं, की मास्तर टेप पोटाभोवती गुंडाळत शांतपणे म्हणायचे, "उंचीचं नाही म्हणत मी."

असा हा माणूस एका बाबतीत मात्र हरलेला होता. सिस्टरला त्यांनी कधी बसून जेवताना पाहिलं नव्हतं.

दवाखान्यात ती डबा उभ्यानेच खायची, कारण बसलं की हाक यायची. घरी चार माणसं जमली की ती स्वयंपाकघरात, आणि चाळीस जमली तरी स्वयंपाकघरातच. पोरीच्या लग्नात तर ती भिंतीला टेकून, एका हातात ताट आणि दुसऱ्या हातात भांडारघराची किल्ली धरून जेवली. घरातल्या अल्बममध्ये जेवणाचे जेवढे फोटो होते त्यात सिस्टरचा फक्त हात दिसायचा, वाढताना. मास्तरांनी एकदा सगळे फोटो पुढ्यात घेऊन ते हात मोजले होते. सतरा फोटो, सतरा हात, तोंड एकाही ठिकाणी नाही.

म्हणून ती निवृत्त होणार म्हटल्यावर मास्तरांनी जाहीर केलं, की दवाखान्यातले सगळे आणि घरचे सगळे अंगणात जेवायला बोलवायचे. साठ माणसं. आणि पहिल्या घासापासून शेवटच्या घासापर्यंत सिस्टरने खुर्चीवर बसायचं. स्वयंपाकघरात पाऊल टाकायचं नाही.

"दहा मिनिटं," ताई म्हणाली. "अकरावं मिनिट बसली तर नाव बदलीन."

"तुझं नाव घेतो कोण? सगळे ताईच म्हणतात," मास्तर म्हणाले. "पण ती बसणार."

"आणि रांधणार कोण? तू? तुला चहा आणि उकडलेलं अंडं सोडून काय येतं रे? आणि अंडंसुद्धा कधी कधी."

यात खोटं काही नव्हतं. मास्तरांनी पोरीला फोन लावला. पोरगी लांबच्या शहरात राहायची, तिला जेवणाला येणं जमणार नव्हतं, पण बापाला ती ओळखून होती.

"बाबा, ऐन वेळी गॅससमोर उभं राहायचं असलं तर विसरा. तुम्ही काहीतरी करपवणार, आईला वास जाणार आणि ती उठणार. आदल्या दिवशीच करून ठेवता येईल असं करा. सॉसमधले बर्गर करा. चिकनच्या खिम्याच्या पॅटी भाजायच्या, ट्रेमध्ये रचायच्या, वर सॉस ओतायचा आणि रात्रभर फ्रिजमध्ये. दुसऱ्या दिवशी नुसतं गरम करून बनमध्ये घालायचं."

"म्हणजे कापून, शिवून ठेवायचं आणि गिऱ्हाईक आल्यावर फक्त इस्त्री," मास्तर म्हणाले.

"हां, तसंच समजा."

पोरीने सगळं सांगितलं आणि मास्तरांनी ते मापाच्या वहीत उतरवून घेतलं. खिम्यात किसलेला कांदा, अंडी, मीठ, मिरपूड. बांधून येण्यासाठी किलोमागे दोन मुठी पावाचा चुरा. सॉसला टोमॅटो, कांदा, व्हिनेगर, साखर, मोहरीची पेस्ट. वहीत त्याच पानावर वर एका वकिलाच्या कोटाचं माप होतं, त्यामुळे पुढे बरेच दिवस त्या वकिलाच्या छातीखाली 'कांदा पाच किलो' असं दिसत राहिलं.

मग चार दिवस आधी, सिस्टर ड्युटीवर असताना, चाचणी झाली. मास्तरांनी शेजारच्या बेकरीतून एक बन आणला, टेपने मोजला, चार इंच भरला. पुठ्ठ्याचा चार इंची गोल कापून त्याचा बेत, म्हणजे कापायचा नमुना, काढला आणि त्यावर बेतून एक पॅटी थापली. तव्यावर टाकली. ती आक्रसली. आक्रसून तीन इंचांची झाली आणि बनमध्ये ठेवल्यावर ओव्हरकोटाला शर्टाचं बटण लावल्यासारखी दिसू लागली.

ताईने कपाळाला हात लावला. मास्तरांचा चेहरा मात्र उजळला. हे तर ओळखीचं होतं! कोरं सुती कापड पहिल्या धुण्याला आटतंच.

"माया सोडायची राहिली, ताई. बाकी काही चुकलं नाही."

त्यांनी बेताभोवती अर्धा इंच माया सोडून नवा गोल काढला. पाच इंचांची पॅटी भाजून बरोबर चार इंचांवर आली. मास्तरांनी ती टेपने दोनदा मोजली आणि मग उभ्या उभ्या खाऊन टाकली.

आदल्या दिवशी सिस्टरची शेवटची ड्युटी होती, सकाळपासून संध्याकाळपर्यंत. ती फाटकाबाहेर पडताच ताई पदर खोचून हजर झाली. कांदा किसताना दोघं भावंडं इतकी रडली, की ट्रे द्यायला आलेला बेकरीवाला दारातच थबकून म्हणाला, "कोण गेलं?"

"पाच किलो कांदा," ताई डोळे पुसत म्हणाली.

खिमा कालवला. ताईला मिश्रण सैल वाटलं. मास्तरांनी हात घालून पाहिलं, त्यांनाही वाटलं. दोन मुठी चुरा पडलेला होता. आता जन्मभराची सवय कुठे जाते? मास्तरांनी किलोमागे आणखी दोन मुठी टाकल्या. थोडी माया असलेली बरी. मग हात ओले करकरून पासष्ट पॅटी थापल्या. ताई भाजायची, मास्तर टेपने मोजून ट्रेमध्ये रचायचे. "अरे, मोजून काय करतोस, यांना काय बाह्या लावायच्यात?" असं ताईने तीनदा विचारलं. पाच ट्रे भरले. वर लालभडक सॉस ओतला, पॅटी पार बुडेपर्यंत. झाकण लावून ट्रे बेकरीच्या मोठ्या फ्रिजात गेले. संध्याकाळी सिस्टर घरी आली तेव्हा मास्तर मशीनवर बसून एका पायजम्याला नाडी ओवत होते.

"घरात कांद्याचा वास येतोय."

"बेकरीतून येत असेल."

"बेकरीत कांदा?"

"नवीन काहीतरी करतात म्हणे," मास्तर म्हणाले आणि नाडी दुसऱ्या बाजूने बाहेर काढली.

दुसऱ्या दिवशी बारा वाजता अंगण भरलं. वॉर्डातल्या नर्सेस, औषधाच्या खिडकीवरचे काका, दोन डॉक्टर, सगळे नातेवाईक. सिस्टरला मधोमध खुर्ची दिली होती, मुद्दाम स्वयंपाकघराच्या खिडकीकडे पाठ करून. तिच्या शेजारी सगळ्या नर्सेसच्या वरच्या मेट्रनबाई बसल्या होत्या. त्या दवाखान्यात सर्जनलासुद्धा हात धुवायला परत पाठवत. मास्तरांनी त्यांना तिथे बसवलं तेही मुद्दामच.

आत ताईने बेकरीच्या भट्टीत गरम होऊन आलेल्या पहिल्या ट्रेचं झाकण उघडलं आणि नुसतीच उभी राहिली.

"काय झालं?"

"सॉस कुठाय?"

ट्रेमध्ये सॉस नव्हता. एक थेंब नव्हता. मायेच्या त्या जादा मुठींनी तो रात्रभरात पिऊन टाकला होता, आणि पिऊन पिऊन पॅटी टम्म फुगल्या होत्या. बाकड्यावर तिघांच्या जागी पाच जण बसावेत तशा त्या एकमेकींना खेटून बसल्या होत्या. मास्तरांनी एक अलगद उचलून बनवर ठेवली. बन दिसेनासा झाला. वरचा अर्धा बन ठेवला, तर तो धिप्पाड माणसाने बाळाचं टोपडं घातल्यासारखा दिसू लागला. टेप लावली. साडेपाच इंच.

दुसरा ट्रे तसाच. पाचही तसेच. मास्तरांनी पोरीला फोन लावला.

"बाबा, चुरा किती घातलात?"

"चार मुठी."

"मी दोन सांगितल्या होत्या ना?"

"दोन तुझ्या. दोन मायेच्या."

पलीकडून बराच वेळ फक्त हसण्याचा आवाज येत राहिला. हसून झाल्यावर पोरगी म्हणाली, "आईला विचारा, ती दोन मिनिटांत मार्ग काढेल," आणि मास्तरांनी फोन ठेवून दिला. तेवढंच तर करायचं नव्हतं.

"अहो, काय झालं?" बाहेरून सिस्टरचा आवाज आला.

"काही नाही!" आतून भाऊबहीण एकदम ओरडले.

दोघं एकदम 'काही नाही' म्हणतात तेव्हा काय असतं, हे तीस वर्षं वॉर्ड सांभाळलेल्या बाईला सांगावं लागत नाही. खुर्ची करकरली. खिडकीतून मास्तरांना दिसलं, सिस्टर अर्धी उठली होती.

"बसा," मेट्रनबाई म्हणाल्या.

"बघून येते नुसती."

"तुमची ड्युटी काल संपली. आता आत जे काही मरतंय ते त्यांचा पेशंट आहे. बसा."

सिस्टर बसली, पण खुर्चीच्या अगदी कडेला. ताई खिडकीतून पाहून कुजबुजली, "फार तर पाच मिनिटं धरेल रे. मग मेट्रनच्या बापाचंही ऐकायची नाही. काहीतरी कर!"

मास्तरांनी ट्रेकडे पाहिलं. गळ्यातली टेप चाचपली. आयुष्यात त्यांनी बिघडलेले कपडे काही कमी पाहिले नव्हते. लग्नाच्या दिवशी घट्ट झालेले सूट, धुऊन लांब झालेले स्वेटर. त्यांनी एकही कपडा कधी परत केला नव्हता.

"ताई, माया कापायची," मास्तर सवयीने कात्री उचलत म्हणाले.

"काय?"

"जास्त झाली तर कापायची. अल्टर करू. चार इंची तोंडाची वाटी दे. आणि कात्रण टाकू नकोस."

"हातातली कात्री आधी खाली ठेव. ती खिम्याला लागली तर मी जेवणार नाही."

मास्तर वाटी दाबून एकेक पॅटी गोल कापायला लागले. पासष्ट गोल निघाले, बेतावर बेत ठेवल्यासारखे सारखे, आणि भोवतीच्या कडांचा लालसर ढीग जमला. ताईला एव्हाना त्यांचं डोकं कळलं होतं. रात्रभराचा सगळा सॉस त्या कडांत मुरलेला होता. तिने ढीग मोठ्या कढईत लोटला, उकळतं पाणी घातलं, राहिलेले टोमॅटो हातानेच कुस्करून टाकले, व्हिनेगरची बाटली उपडी केली, मूठभर साखर टाकली आणि डावाने घोटायला सुरुवात केली. कडा विरघळल्या. कढईत दाटसर, चमकदार, खिम्याने भरलेला सॉस खदखदायला लागला. ताईने बोट बुडवून चाखलं. मग पुन्हा चाखलं. तिसऱ्यांदा बोट बुडवायला गेली तेव्हा मास्तरांनी कढई ओढून घेतली.

"काल ओतला होता त्यापेक्षा हा बरा आहे रे," ती म्हणाली. मास्तरांचा जीव भांड्यात पडला, आणि भांडं सुदैवाने भरलेलं होतं.

पहिली डिश मास्तर स्वतः घेऊन गेले. सिस्टर खुर्चीच्या कडेलाच होती. तिने बर्गर उचलला. चारी बाजूंनी पाहिला. पॅटी बनच्या कडेशी इतकी बरोबर बसली होती की ती आधी मास्तरांकडे आणि मग टेपकडे पाहून हसली. घास घेतला. अंगणातली निम्मी माणसं तिच्या तोंडाकडे पाहत होती.

"चुरा जास्त झालाय."

मास्तरांचा चेहरा पडला.

"सॉस कुणी केला?"

"मी घोटला," ताई घाईने म्हणाली. "म्हणजे, उरलेल्या कात्रणाचा केला आम्ही."

सिस्टरने दुसरा घास घेतला. मग तिसरा. आणि तो चावता चावता ती नकळत मागे सरकली आणि पाठ टेकून बसली. मास्तर तिच्या पाठीकडे बघत राहिले. खुर्चीच्या पाठीला टेकलेली ती पाठ त्यांनी तीस वर्षांत पाहिली नव्हती. कुणीतरी फोटो काढला. त्यात सिस्टर पूर्ण आली, गालाला लागलेल्या सॉससकट.

मग सगळ्यांच्या डिश सुटल्या. डॉक्टरांनी दोन खाल्ले, औषधाच्या काकांनी तीन खाऊन दीड सांगितले. मास्तर आतून बाहेर, बाहेरून आत पळत होते आणि ताई खिडकीतून बन पुरवत होती.

अशात सिस्टर उठली. सरळ उभी राहिली, हातात रिकामी डिश.

मेट्रनबाईंनी हात पुढे केला, पण उशीर झाला होता. ती स्वयंपाकघराच्या दाराकडे निघाली. मास्तर दारातच होते, हातात सॉसचं भांडं. ताईने खिडकीत डोळे मिटून घेतले.

सिस्टर दारापाशी आली. दाराशेजारच्या टेबलावरून तिने एक बन घेतला, त्यात पॅटी ठेवली, मास्तरांच्या हातातल्या भांड्यातून दोन डाव सॉस ओतून घेतला, थोडा विचार करून तिसराही घेतला, आणि आत ढुंकूनही न पाहता परत आली. खुर्चीवर बसली. समोरची मोकळी खुर्ची पायाने ओढून घेतली आणि त्यावर पाय पसरले.

"अहो मास्तर," ती तोंड भरलेलं असतानाच म्हणाली, "पाणी आणा. गार."

अंगणात एकच हशा उसळला. मास्तर भांडं ताईच्या हातात कोंबून आत धावले.

"आण बाबा, आण," ताई खिडकीतून ओरडली. "आता ही काही उठायची नाही!"