कापसातल्या कण्या

फोन शेजारच्या किराणा दुकानात आला. एरवी कोणाचा फोन आला की दुकानदार बसल्या जागेवरून हाक मारतात. त्या दिवशी ते दुकान तसंच उघडं टाकून आमच्या दारात आले आणि चप्पल काढून उभे राहिले, तेव्हाच मला कळलं. बोदवडहून प्रकाशचा, अक्काच्या मुलाचा, फोन होता. औषधपाण्यासाठी ती त्याच्याकडे राहायला गेली होती. तिकडेच गेली...

अक्का म्हणजे माझी थोरली जाऊ. दहाव्याला, तेराव्याला खूप माणसं आली. ज्या गावात तिने अंगणवाडीची नोकरी केली तिथल्या बाया आल्या, तिच्या हाताखालून गेलेली, आता मिशा फुटलेली मुलं आली. सगळे म्हणाले, बाई हुशार होती, पोरांना जीव लावायची. खरंच आहे ते. पण ती नोकरी तिला मिळाली कशी हे कोणी बोललं नाही, कारण ते आमच्या चुलीजवळ घडलं आणि चुलीजवळ आम्ही दोघीच होतो. चार माणसांत बोलायला मी पहिल्यापासून भिते. म्हणून हे लिहून ठेवते आहे.

माझं माहेर शिरपूरकडचं, सासर फैजपूरजवळ. 'आहे'ला आमच्याकडे 'शे' म्हणतात, इकडे 'हाये'. लग्न होऊन आले तेव्हा मी तोंड उघडलं की पोरं हसायची, म्हणून मी तोंड उघडणंच बंद केलं होतं. अक्काने पहिल्या आठवड्यातच सांगितलं, "शांते, मले तुम्ही म्हनू नको. अन् तुझी बोली सोडू नको, मले शिकायची हाये." तिला सगळंच शिकायचं असायचं. पुरुष जेवायला बसले की वाढता वाढता ती काहीतरी विचारायची. एकदा तिने विचारलं, केळीचा घड खाली लोंबतो, मग त्यातलं एकेक केळं वर तोंड करून का वळतं? पिढ्यान्‌पिढ्या केळी लावणारं घर, पण हा प्रश्न तोवर कोणाला पडला नव्हता. भाऊ, म्हणजे माझे थोरले दीर, म्हणाले, "वाकडं असो का सरळ, इकलं जातं ना? वरण वाढ." तिने वरण वाढलं. पण दुसऱ्या दिवशी मळ्यात ती एका घडाखाली मान वर करून किती तरी वेळ उभी होती.

शेजारच्या गावच्या अंगणवाडीसाठी तिला विचारणा झाली ते माझं पहिलं बाळंतपण जवळ आलेलं असताना. ती सातवी शिकलेली, तिला ते काम मनापासून हवं होतं. पण सकाळची पहिली एस.टी. चुकली तर दुसरी दुपारी. सासूबाई माझ्या लग्नाआधीच वारल्या होत्या. घरात बायका आम्ही दोघी, आणि मला तेव्हा चुलीचा धूर नाकात गेला की उलटी व्हायची. केळीच्या कापणीला पुरुष दिवस उगवायच्या आत मळ्यात जायचे, अक्काच्या पोरांची शाळा सकाळची, नळाला पाणी यायचं तेही त्याच वेळी. न्याहरीला आमच्याकडे भरडलेल्या ज्वारीच्या कण्या. कण्या चुलीवर रटरट शिजायला वेळ घेतात आणि मध्येमध्ये हलवल्या नाहीत तर बुडाला लागतात. सासरे, म्हणजे आबा, म्हणाले, "जा. माझी ना नाही. पन घरातून कोनी उपाशी जायचं नाही, अन् शिळं मी खात नाही." रात्रीच भाकरी टाकून ठेवाव्या म्हटलं तर त्या शिळ्या. ना नाही म्हणता म्हणता त्यांनी दोन्ही वाटा बंद केल्या होत्या. होकार कळवायचे दिवस संपत आले होते आणि अक्काने वाढता वाढता काही विचारणं सोडलं होतं.

त्यातच आम्ही फैजपूरच्या बाजाराला गेलो. उन्हाचे दिवस. बर्फवाल्याने लाकडाच्या भुशातून लादी उकरून काढली, वरचं गोणपाट झटकलं. अक्काने सरळ त्या भुशात बोटं घातली.

"दादा, हा भुसा बर्फाले गार करतो का?"

"भुसा काय गार करीन, बाई? तो बाहेरची गरमी आत येऊ देत नाही, बस."

बर्फाचा गोळा तिच्या हातावरून कोपरापर्यंत गळत राहिला. खायचं तिच्या ध्यानातच नव्हतं. परतीच्या वाटेवर ती एकदम थांबली. "शांते, जो बाहेरच्या गरमीले आत येऊ देत नाही, तो आतल्या गरमीले बाहेर तरी कशाले जाऊ देईन?" उकळत्या कण्या तशा पुरून ठेवल्या तर रातभरात शिजतील, असं तिचं म्हणणं. मी म्हटलं, "आसं कसं व्हई अक्का? इस्तव नही आन् शिजी जाई?" ती कितीतरी दिवसांनी हसली. "शिजी जाई! पाहू तर खरं, जाई का नही जाई."

चहापत्ती येते ते लाकडी खोकं तिने दुकानातून मागून आणलं. आत चंदेरी कागद होता, तो तिला फार आवडला. वेचणीत मागे राहिलेला, कोणी घेत नाही असा डागी कापूस घरात होता, तो तिने खोक्यात दाबून भरला आणि मधे भांड्याएवढी खोल जागा केली. संध्याकाळच्या स्वयंपाकानंतर त्याच जाळावर कण्यांना चांगली खळखळ उकळी आणायची, घट्ट झाकण, वरून जुनं लुगडं, मग ते भांडं कापसात पुरायचं आणि वर उशी. एवढंच. पण पहिल्या वेळी तिलाच धीर निघेना. झालं का, गरम आहे का, म्हणून ती पुन्हापुन्हा झाकण उघडून पाहायची. सकाळी पाहिलं तर वर पाणी आणि खाली वाळूसारख्या कच्च्या कण्या. ते म्हशीपुढे ठेवलं. "म्हैस तरी काही बोलली नाही," अक्का म्हणाली. भाऊंना मात्र राहवलं नाही. "खोक्यावर काय बसली वं? अंडी उबवते का?" म्हणाले. मला वाटलं आता ही रडेल. ती उलट त्यांच्याकडे टक लावून बघत राहिली. "बराबर बोलले तुम्ही. कोंबडी घडीघडी उठली तर अंडं उबतच नाही."

त्यानंतर एकदा पुरल्यावर तिने झाकणाला हात लावला नाही. सकाळी तिने उशी काढली, लुगडं सोडलं. आतून वाफ आली आणि कण्या फुलून जाईच्या कळ्यांसारख्या मऊ झालेल्या. चूल थंड होती. घरात धूर नव्हता. कित्येक दिवसांनी त्या सकाळी माझ्या पोटात अन्न राहिलं. मी वाटी पुसून खाल्ली आणि अक्का माझ्या तोंडाकडे बघत बसली होती, जणू मीच तिचं खोकं होते.

पण खरी परीक्षा आबांची. ते दारापुढच्या ओट्यावर बसले होते. अक्काने कण्या, वर कच्चं तेल, बाजूला ठेचा आणि ताक असं ताट नेऊन ठेवलं. मी दाराआड उभी. आबांनी घास कालवला, बोटाला चटका बसला. मग त्यांनी आत चुलीकडे पाहिलं. तिच्यात कालची राख होती.

"चूल तर पेटली नाही. रातचं हाये का?"

ती खोटं बोलू शकली असती. दोन काटक्या पेटवून ठेवणं काही अवघड नव्हतं. पण तिला ते सुचलं नाही, किंवा सुचूनही नको वाटलं असेल... मला माहीत नाही. "काल सांजच्याले चढवल्या, आबा."

"मंग शिळं." आबांनी ताट सरकवलं.

त्या ताटाबरोबर तिची एस.टी., तिची अंगणवाडी, सगळं सरकलं होतं. अक्का डोक्यावरचा पदर धरून तिथेच उभी राहिली. वाद घालावा असा तिचा आवाज नव्हता. खरंच विचारावं तसं तिने विचारलं, "आबा, शिजल्यावर रात गेली ते शिळं ना? पन रातच्याले हे कच्चं होतं. शिजलं केव्हा, ते मलेच माहीत नाही."

"म्हंजे? माहीत कसं नाही?"

"ते पाहाले झाकन उघडावं लागतं, अन् उघडलं का शिजत नाही."

ताटातली वाफ वर चाललेली होती आणि आबा तिच्याकडे बघत होते. मग स्वतःशीच बोलावं तसं म्हणाले, "केळं कापतो तव्हा हिरवंगार असतं. वॅगनीत घालतो. दिल्लीले जाता जाता मधी कुठी तरी पिकतं. कुठी पिकलं, कोन पाहाले जातं? पन पिकल्या केळाले कोनी शिळं म्हनत नाही." त्यांनी ताट परत पुढे ओढलं. "उघडलं तव्हा शिजलं, असं धरायचं." चार घास गेल्यावर आतल्या बाजूला न बघता म्हणाले, "मीठ कमी पडलं."

पुढच्या आठवड्यापासून अक्का पहिल्या एस.टी.ने जायला लागली. कधी कण्या, कधी बाजरीची खिचडी, कधी गव्हाची खीर. भाऊ पाहुण्यांना खोकं दाखवायचे, जणू त्यांनीच ते शोधून काढलं. अक्काचं समाधान मात्र झालं नव्हतं. शिजतं नेमकं केव्हा, हे तिला जाणून घ्यायचंच होतं. कधी कधी ती खोक्याला कान लावून बसायची आणि मलाही लावायला लावायची. "ऐकू येतं का काही?" मला कापसाचं काहीच ऐकू यायचं नाही. आमच्या दोघींचे श्वास तेवढे ऐकू यायचे.

आणि खरी गंमत वेगळीच झाली. न्याहरी आपली आपण व्हायला लागली, त्यामुळे पाणी भरून झालं की एस.टी. येईपर्यंत आम्हाला करायला काही उरेना. आम्ही दोघी ओट्यावर बसायला लागलो. सकाळच्या वेळी सुना ओट्यावर रिकाम्या बसलेल्या गावाने पाहिल्या नव्हत्या. मला लाज वाटायची, हातात काहीतरी निवडायला घ्यायचे. अक्का ते काढून बाजूला ठेवायची. ती विचारायची आणि मी ऐकायचे. दव पडतं म्हणजे वरून पडतं की खालून येतं? मला एकाचंही उत्तर आलं नाही आणि तिने कधी त्याबद्दल वाईट मानलं नाही.

मग घरात गॅस आला, कुकर आला. आता माझी सून शिट्ट्या मोजते आणि न्याहरी तयार. खोक्यात जुनी पांघरुणं आहेत. ओट्यावर बसायची माझी सवय तेवढी राहिली. बोदवडला शेवटचं भेटायला गेले तेव्हा अक्काच्या उशाशी चहाचा थर्मास होता. बोलायला दम लागत होता, तरी तिने मला तो हातात घ्यायला लावला. "हालवून पाहा. किती हलका. याच्यात कापूस तर नाही. मंग काय भरलं असीन?" मी तो हलवून पाहिला. "इचार कोनाले तरी," ती म्हणाली. तेराव्याला सगळी माणसं बसलेली असताना मी प्रकाशला विचारलं. माझा आवाज ऐकून दोन-तीन जणांनी माना वळवल्या. तो म्हणाला, "काहीच नसतं, काकू. आतली हवासुद्धा काढून घेतलेली असते." अक्का असती तर पुढचा प्रश्न तिने तिथल्या तिथे विचारला असता. मला सुचला नाही.

परवा सकाळी ओट्यावर जाऊन बसले. फरशी गार होती. मांजर एका जागी अंग गोळा करून बसलं होतं, ते मला बघून उठलं आणि गेलं. ते बसलं होतं तिथे सहज हात टेकला, तर तेवढीच जागा ऊबदार. मनात आलं, ते उठून गेलं, आता ही ऊब इथे किती वेळ राहील? पाहावं म्हणून मी हात तसाच ठेवला. मग लक्षात आलं, हात ठेवला तर त्यात माझीही ऊब मिसळते, आणि काढला तर काहीच कळणार नाही...

मी बाजूला वळले सांगायला.