सहा ते सातचा हक्क

आमचे वडील नोकरीने गिरणीतले कारकून आणि स्वभावाने वकील. लालबागच्या आमच्या चाळीत दुसऱ्या मजल्याला पाणी चढेनासं झालं, तेव्हा वरच्या बिऱ्हाडांनी अंगणातल्या नळाकडे धाव घेतली. तळमजल्याने नळाला कुलूप घातलं. बायकांनी चार दिवस भांडून ते उघडवलंही असतं. पण वडील म्हणाले, "हा हक्काचा प्रश्न आहे," आणि कोर्टात गेले.

दावा दोन वर्षं चालला. तेवढा काळ आई पलीकडच्या गल्लीतून डोक्यावर हंडा आणि कमरेवर कळशी घेऊन दोन जिने चढत होती. प्रतिवादी होते तळमजल्यावरचे मास्तर. संयुक्त महाराष्ट्राच्या मोर्च्यात ते आणि वडील खांद्याला खांदा लावून घोषणा देत, आणि चाळीच्या दारात शिरले की एकमेकांकडे पाठ फिरवत. अख्खा मराठी मुलूख एक करायला निघालेल्या या दोघांना दोन मजले काही एक करता येईनात.

अखेर तडजोड झाली. पाणी तेव्हा सकाळी पाच ते सात यायचं. पहिला तास तळमजल्याचा, दुसरा आमचा. दोघांनी संमतीच्या सह्या केल्या, कोर्टाने तसा हुकूमनामा दिला, आणि वडिलांनी चाळभर पेढे वाटले. महिन्याभरात आमच्या गल्लीतल्या पाण्याची वेळ कापली गेली. पाच ते सहा. बस्स.

वडील अपील करायला वकिलांकडे धावले. मीही बरोबर होते. वकील चष्मा पुसत म्हणाले, "निकाल तुमच्या विरुद्ध लागला असता तर अपील केलं असतं. हा तर तुम्ही मागून घेतलात. संमतीच्या हुकूमनाम्यावर अपील नाही. सही करताना कुणी फसवलं असेल तर बोला."

फसवणारं कुणी नव्हतं.

दुसऱ्या दिवशी त्यांनी स्वतःचाच कायदा काढला. वापरला नाही तर हक्क बुडतो. म्हणून रोज सहा ते सात कोरड्या नळाखाली आमचा हंडा लागलाच पाहिजे, आणि शेजारी माणूस हवं. माणूस म्हणजे अर्थातच आई. पलीकडून पाणी भरून आली की ती तासभर रिकाम्या हंड्याजवळ बसायची. नळ मधूनच फुसफुसायचा. मला हसू यायचं. आज त्या हसण्याची लाज वाटते.

आठव्या दिवशी तिची कंबर अशी धरली की पायरीवरून उठता येईना. मास्तरांची बायको बाहेर आली. तिने आईला हात दिला आणि आपला भरलेला हंडा पुढे केला. "उद्यापासून आमच्या तासात तुमचा एक हंडा लावा."

वडील वरून ओरडले, "नको! हुकूमनाम्यात तसं नाही!"

आईने मान वर केली. "सही करताना माका इचारलात? पाणी मी भरतंय. आता तुमी येवन बसा हंड्याकडे."

चाळ गॅलरीत जमली होती. वडील मुकाट्याने खाली आले आणि सात वाजेपर्यंत रिकाम्या हंड्याजवळ बसले. तोवर मास्तरांकडचं पाणी आमच्या चुलीवर तापलं होतं. मी त्याने आईची कंबर शेकत होते.

सातला वडील वर आले आणि त्यांनी चहा मागितला. तो कुणाच्या तासातल्या पाण्याचा, हे मात्र विचारलं नाही.