मुका ब्राउझर

धाकट्या दिराच्या नव्या शोधांचं वहिनींना काडीचं कौतुक नव्हतं. कंपन्यांनी फुकट वापरायला दिलेल्या गोष्टींवर इंटरनेटवर लेख लिहायचे आणि त्यांना हरभऱ्याच्या झाडावर चढवायचं, हा त्याचा धंदा. तो त्याला परीक्षण म्हणायचा. वहिनी भाटगिरी म्हणायच्या, तेही तोंडावर.

वहिनींना जन्मापासून दिसत नव्हतं. औषधांच्या माहितीपत्रकांची भाषांतरं त्या घरी बसून करायच्या. कॉम्प्युटर पडद्यावरचा मजकूर वाचून दाखवायचा, तोही इतक्या वेगात की नवऱ्याला नुसती चिवचिव ऐकू यायची.

या खेपेला दिरानं एक ब्राउझर आणला. फारसं कुणी नाव न ऐकलेला. पान म्हणे कंपनीच्या दूरच्या यंत्रावर उघडतं, आपल्याकडे त्याचं चित्र तेवढं येतं. नेहमीच्या ब्राउझरशी त्याची तुलना करायची होती. वहिनींचा कॉम्प्युटर जुना, त्यामुळे बकरा घरातच सापडला.

पान झटकन उघडलं. एरवी घरघरणारा पंखा गप्प राहिला, हे वहिनींनी कबूल केलं. पण कॉम्प्युटरही गप्प राहिला. त्यांनी सगळ्या कळा दाबून पाहिल्या. चित्रातली अक्षरं त्याला वाचता येईनात. नेहमीच्या ब्राउझरमध्ये तेच पान रखडत उघडलं, पण पहिल्या ओळीपासून बोलायला लागलं.

“झकास दिसतंय की, वहिनी.”

“तुम्हाला दिसतंय, भावोजी. माझ्यापुढे तुम्ही मुकं खोकं ठेवलंय. आणि यात बँकेचा पासवर्ड टाकला, तर तो कुणाच्या यंत्रावर जातो, हे विचारलंत का?”

विचारलं नव्हतं. हे सगळं लेखात घालतो, म्हणाला.

लेख आला. जुन्या कॉम्प्युटरला नवी उमेद वगैरे नेहमीचं तुणतुणं होतंच. पण ‘आमच्या घरातल्या अंध भाषांतरकारही यावर खूश आहेत’ हे वाक्य वहिनींनी पुन्हा लावून ऐकलं. रागवावं इतकी त्या माणसाची पत नव्हती. त्यांनी लेखाखाली लिहिलं, ‘ती भाषांतरकार मीच. मी खूश नाही,’ आणि का नाही तेही मुद्देसूद लिहिलं.

संध्याकाळी नवरा समजूत घालायला आला. घरातलं चव्हाट्यावर कशाला, काढून टाक, म्हणाला.

“चव्हाट्यावर मला त्यांनी नेलं. मी तिथं नुसतं तोंड उघडलं.”

कंपनीनंही उत्तर धाडलं. अमूल्य अभिप्रायाबद्दल आभार, आणि अडचण आल्यास सोबतचं चित्र पाहा. वहिनी कितीतरी वेळ हसत बसल्या. सासूबाई काय झालं म्हणून बघायला आल्या, तर त्यांनाही ते वाचून दाखवलं.

दिरानं ते वाक्य गुपचूप काढलं, स्तुती तशीच ठेवली. माफी काही मागितली नाही. आता नवी वस्तू आणली की दारातूनच विचारतो, वहिनी, जरा बघता का. वहिनी बहुतेक वेळा नाही म्हणतात.